इंग्लंडांतील बाहुल्यांचा खेळ : परंपरा आणि पालट



लंडन शहरांत कॉव्हेंट गार्डन म्हणून एक जुना चौक आहे. त्याच्या एका अंगास सेंट पॉल नांवाचें ख्रिस्ती प्रार्थनामंदिर असून त्याच्या खांबांच्या मंडपाखालीं भिंतीवर एक लेख कोरलेला आहे. अशा जागीं एखाद्या राजाचें, सेनापतीचें, निदान धर्मगुरूचें तरी नांव असावें, अशी आपली अपेक्षा असते. परंतु हा लेख एका बाहुलीचा आहे. याच जागेजवळ १६६२ सालीं पंचाचा खेळ इंग्लंडांत प्रथम झाला व सॅम्युएल पीप्स यानें तो पाहिला, एवढेंच त्यांत सांगितलें आहे. आपल्या गांवच्या पंचांशीं या पंचाचा कांहीं संबंध नाहीं, हें प्रथमच सांगून टाकतों. हा पंच म्हणजे कुबड निघालेला, नाक हनुवटीला भिडलेला, हातांत काठी घेतलेला एक लांकडी इसम होय.

इंग्रज लोक आपल्या परंपरांविषयीं फार दक्ष समजले जातात. तेव्हां हा पंच साडेतीनशें वर्षांत जसाच्या तसा राहिला असेल, असें वाटणें साहजिक आहे. परंतु या काळांत त्याचें शरीर पालटलें, घर पालटलें, सोबती पालटले आणि प्रेक्षकही पालटले. तरी तो पंचच राहिला. त्याच देशांतील त्याच्याहून कितीतरी दिमाखदार असे बाहुल्यांचे दुसरे खेळ मात्र नामशेष झाले. असें कां झालें, याचा विचार आज आपण करूं.

पंचाच्या आधींही इंग्लंडांत बाहुल्यांचे खेळ होत असत. बेन जॉन्सन या नाटककाराच्या ‘बार्थोलोम्यू फेअर’ या १६१४ सालच्या नाटकांत जत्रेंतील बाहुल्यांचा खेळच रंगभूमीवर दाखविलेला आहे. त्यांत एक सोवळा धर्ममार्तंड बाहुल्यांशीं वाद घालूं लागतो. पुरुषांनीं स्त्रियांचीं वस्त्रें नेसावीं हें पाप आहे, असा प्युरिटन पंथाच्या लोकांचा नाटकांवर मोठा आक्षेप असे. तोच आक्षेप तो बाहुलीवर घेतो. बाहुली आपला झगा वर करून दाखविते, कीं आम्ही स्त्रीही नाहीं आणि पुरुषही नाहीं. मग पाप कसलें? बिचारा निरुत्तर होतो. पुढें १६४२ सालीं पार्लमेंटानें नाट्यगृहें बंद केलीं. नटांचे हाल झाले, पण बाहुल्यांच्या खेळांकडे बव्हंशीं दुर्लक्ष झालें व ते चालू राहिले. क्षुद्र म्हणून गणलें जाण्याचा कधीं कधीं असाही उपयोग होतो.

१६६० सालीं दुसरा चार्लस राजा परत आला. नाट्यगृहें उघडलीं, आणि युरोपांतील करमणुकींची आवड घेऊन आलेल्या या दरबाराच्या पाठोपाठ इटलीचे खेळकरीही लंडनला आले. बोलोन्या नगरचा पिएत्रो जिमोन्दे हा त्यांपैकीं एक. ९ मे १६६२ रोजीं पीप्स या आरमारखात्यांतील अधिकाऱ्यानें कॉव्हेंट गार्डनमध्यें एक इटालियन बाहुल्यांचा खेळ पाहिला व तशी नोंद आपल्या प्रसिद्ध रोजनिशींत केली. खेळ त्याला इतका आवडला कीं थोड्याच दिवसांनीं तो पत्नीला घेऊन पुन्हां गेला. त्याच वर्षीं ऑक्टोबरांत राजवाड्यांत खेळ होऊन जिमोन्देला राजाकडून सोन्याची सांखळी व पदक मिळालें. या खेळांतील मुख्य पात्र पुल्चिनेल्ला हें होतें. इटलीच्या मुखवट्यांच्या नाटकांतला तो एक खादाड, धूर्त, कुबडा नोकर. इंग्रजांच्या जिभेवर त्याचें पुंचिनेलो झालें आणि पुढें नुसतें पंच झालें.

हा जुना पंच कळसूत्री होता. त्याच्या डोक्यांत तार बसविलेली असे, हातापायांस दोऱ्या असत आणि वरच्या बाजूस लपलेला माणूस त्यास नाचवी. १७१० च्या सुमारास मार्टिन पॉवेल नांवाच्या खेळकऱ्यानें कॉव्हेंट गार्डनमध्यें असल्या बाहुल्यांचें थिएटर थाटलें आणि लंडनचे प्रतिष्ठित लोक तेथें गर्दी करूं लागले. प्रार्थनेची घंटा वाजतांच लोक देवळांत येण्याऐवजीं पॉवेलच्या खेळाला जातात, अशी थट्टेची तक्रार १७११ सालीं ‘स्पेक्टेटर’ पत्रांत छापली गेली. ती ज्या देवळाच्या सेवकाच्या नांवानें लिहिली होती, तें सेंट पॉलचेंच. ज्या देवळाचीं माणसें पंचानें पळविलीं त्याच देवळाच्या भिंतीवर आज त्याचें नांव आहे.

परंतु फॅशनेबल लोकांची मर्जी फार दिवस टिकत नाहीं. कळसूत्री खेळाला मोठा रंगमंच, दिवाणखान्याचें भाडें, दोऱ्या ओढणारे चारसहा हात आणि वादक लागतात. अठराव्या शतकाच्या अखेरीस हा खर्च परवडेनासा झाला. तेव्हां पंचानें दोऱ्या टाकल्या आणि तो रस्त्यावर आला. कळसूत्री बाहुलीची हातबाहुली झाली. पंचाच्या इतिहासांतील सर्वांत मोठा पालट तो हाच, आणि त्यांतील कारागिरी थोडी समजून घेण्यासारखी आहे.

हातबाहुली म्हणजे हातमोज्यासारखी हातांत घालावयाची बाहुली. तर्जनी तिच्या पोकळ मानेंत, आंगठा एका बाहींत व मधलें बोट दुसऱ्या बाहींत. कळसूत्री बाहुली नाचते, उडते, तरंगते. पण तिला कोणतीही वस्तु घट्ट धरतां येत नाहीं. हातबाहुलीला पाय असले तरी ते शोभेचे. मात्र तिच्या दोन्ही हातांत माणसाच्या बोटांचें बळ असतें. ती काठी धरते, मूल उचलते, शत्रूला मिठी मारून आपटते. पंचाची काठी खऱ्या अर्थानें चालूं लागली ती यानंतर. ती काठी उभी चिरून दुहेरी केलेली असते. म्हणून मार हलका बसतो पण आवाज मोठा होतो.

दुसरें असें, कीं माणसाला हात दोनच. उजव्या हातावर पंच कायमचा बसला, म्हणजे बाकीच्या पात्रांनीं डाव्या हातावर एकेक करून यावें लागतें. त्यामुळें पंचाच्या खेळांत गुंतागुंतीचें कथानक नसतें; एकामागून एक भेटी असतात. बायको ज्यूडी येते, मूल येतें, डॉक्टर येतो, अंमलदार येतो, फांशी देणारा येतो, शेवटीं सैतान येतो. प्रत्येकाशीं बोलाचाली, मग झोंबी, मग काठी. जें कोणाला हा खेळ रचणाऱ्याची कल्पना वाटेल, तें मुळांत दोन हातांचें गणित आहे.

तिसरी गोष्ट आवाजाची. धातूच्या दोन पातळ पट्ट्या, त्यांमध्यें ताणलेली सुती फीत आणि वरून दोऱ्याची घट्ट गुंडाळी, असें एक लहानसें साधन खेळकरी तोंडांत टाळूपाशीं धरतो. त्याला इंग्रजींत स्वॉझल म्हणतात. त्यांतून पंचाचा तो कर्कश, किरटा आवाज निघतो. ज्यूडीचें किंवा शिपायाचें भाषण आलें कीं जिभेनें तें साधन गालाकडे सारावयाचें आणि पंचाची पाळी आली कीं पुन्हां जागेवर आणावयाचें. आणि हें सर्व दोन्ही हात डोक्यावर उचलून धरलेले असतांना. दोन वेळां तरी स्वॉझल गिळल्याखेरीज पक्का खेळकरी होत नाहीं, असा त्यांच्यांत विनोद आहे. या आवाजांत शब्द नीट उमटत नाहींत. म्हणून पंच काय म्हणाला तें दुसऱ्या कोणीतरी प्रश्नाच्या रूपानें पुन्हां उच्चारावें लागतें. पूर्वीं हें काम मांडवाबाहेर उभा असलेला साथीदार करी. तोच प्रेक्षकांकडून पैसेही गोळा करी. पुढें तें काम इतर बाहुल्यांनीं केलें आणि समोर बसलेल्या मुलांनीं ओरडून केलें. या खेळाचा सर्वांत मोठा गुण म्हणजे प्रेक्षकांशीं चालणारा त्याचा संवाद. तो या वैगुण्यांतून जन्मला आहे.

रस्त्यावरील या पंचाचें पहिलें सविस्तर चित्र आपणांस १८२७ सालीं मिळतें. पिचीनी नांवाचा एक वृद्ध इटालियन खेळकरी लंडनमध्यें होता. एका प्रकाशकानें त्याच्याकडून मुद्दाम खेळ करविला. जॉर्ज क्रुइकशँक या चित्रकारानें चित्रें काढलीं, जॉन पेन कॉलियर यानें संवाद लिहून घेतले आणि १८२८ सालीं पुस्तक निघालें. त्यांत पंच मुलाला खिडकींतून फेकतो, ज्यूडीला काठीनें मारतो आणि तुरुंगांत पडतो. फांशीचा दोर गळ्यांत कसा अडकवावा हें आपणांस समजत नाहीं, असा बहाणा करून तो फांशी देणाऱ्यालाच तें दाखवावयास लावतो आणि त्यालाच लटकावतो. अखेरीस सैतानालाही तो झोडपतो.

हें पुस्तक फार मोलाचें असलें तरी त्यानें एक घोटाळाही केला. छापलेली वस्तु प्रमाण मानण्याची आपणां शिकलेल्या माणसांना संवय असते. आयुष्य शाळेंत घालविलेल्या माझ्यासारख्याला तर ती विशेषच. त्यामुळें १८२८ चें पुस्तक हाच खरा पंच आणि बाकी सर्व त्याचा अपभ्रंश, असें पुष्कळांस वाटूं लागलें. वस्तुतः तो एका माणसानें एका प्रसंगीं केलेला खेळ होता. शिवाय कॉलियर यानें जुने कागद बनावट केल्याचें पुढें उघडकीस आलें, म्हणून त्यानें लिहून घेतलेल्या प्रत्येक शब्दावर विद्वान् लोक विश्वास ठेवीत नाहींत. खेळकऱ्यांनीं मात्र पुस्तकाची वाट पाहिली नाहीं. १८२९ सालीं लंडनचें पोलिसदल उभें राहिलें, तेव्हां पुढें जुन्या बीडल नांवाच्या अंमलदाराची जागा पोलिसानें घेतली. ग्रिमाल्डी हा विदूषक लोकप्रिय होता, तर त्याच्या नांवावरून जोई नांवाचा विदूषक आला. सॉसेजची माळ आली, जिवंत कुत्रा टोबी म्हणून फळीवर बसला. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत सुसर आली आणि तिनें हळूहळू सैतानाला बाजूस सारलें. कारण नरकाचें भय कमी झालें तरी उघड्या जबड्याचें भय मुलांना कायम असतें.

याच सुमारास पंचाचें घरही बदललें. आगगाडी निघाली, शहरांतील कुटुंबें उन्हाळ्यांत समुद्रकांठीं जाऊं लागलीं आणि खेळकरी त्यांच्या मागोमाग गेले. वेल्समधील लँडडनो येथें कॉडमन घराण्यानें १८६० सालीं सुरू केलेला खेळ त्याच कुटुंबानें पिढ्यान् पिढ्या, एकविसाव्या शतकापर्यंत चालविला. या लोकांनीं आपणांस ‘प्रोफेसर’ असा किताब लावून घेतला. कोणत्याही विद्यापीठानें तो दिलेला नाहीं आणि कोणी हिरावूनही घेतलेला नाहीं. वाळूवर मुलें पुढें बसूं लागलीं, मोठीं माणसें मागें उभीं राहूं लागलीं, आणि एके काळीं प्रौढांचा असलेला हा खेळ मुलांचा झाला.

पंचाचें नांव मात्र प्रौढांच्या जगांतही फिरत होतें. १८४१ सालीं लंडनमध्यें ‘पंच’ नांवाचें थट्टेचें साप्ताहिक निघालें. त्याच्या धर्तीवर मुंबईस १८५४ सालीं ‘पारसी पंच’ निघाला, तोच पुढें ‘हिंदी पंच’ झाला. आणि ठाण्याहून मराठींत ‘हिंदु पंच’ हें साप्ताहिक निघत असे. त्याच्या वाचकांपैकीं किती जणांना हें नांव एका लांकडी बाहुलीवरून आलें हें ठाऊक असेल कोण जाणे!

आतां दुसऱ्या शाखेकडे वळूं. हातबाहुली रस्त्यावर गेली तरी कळसूत्री बाहुल्या संपल्या नव्हत्या. एकोणिसाव्या शतकांत टिलर, होल्डन यांसारखीं घराणीं लांकूड व कापडाचीं मोडतीं थिएटरें गाड्यांवर घालून जत्रेजत्रेंतून हिंडत. खुनाच्या व सूडाच्या गाजलेल्या नाटकांचे बाहुल्यांनीं हुबेहूब प्रयोग होत. सांगाडा नाचतां नाचतां त्याचीं हाडें सुटीं होऊन पुन्हां जुळत. थॉमस होल्डनच्या बाहुल्यांनीं तर युरोप खंड गाजविलें. कौशल्याच्या दृष्टीनें पंच यांच्यापुढें अगदीं गांवढळ. पण चलच्चित्रें आलीं आणि पंचवीसतीस वर्षांत हीं घराणीं बहुतेक नाहींशीं झालीं. कांहींनीं आपल्याच तंबूंत बाहुल्या बाजूस ठेवून चित्रपट दाखविण्यास आरंभ केला. टिलर घराण्याच्या बाहुल्या आतां लंडनच्या व्हिक्टोरिया व आल्बर्ट पदार्थसंग्रहालयांत आहेत.

असें कां व्हावें? मला त्याचीं दोन कारणें दिसतात. या खेळांचा अभिमान माणसांच्या नाटकाची हुबेहूब नक्कल करण्यांत होता. नक्कल करणारें दुसरें अधिक चांगलें यंत्र निघालें, तेव्हां त्यांच्यापाशीं वेगळें कांहीं उरलें नाहीं. दुसरें, त्यांची विद्या घराण्यांत कुलपांत ठेवलेली होती. घराणें विझलें कीं विद्याही विझली. पंचाचा प्रोफेसर एकटा होता, त्याचा संसार पाठीवर मावत होता, आणि समोरच्या माणसांना काय रुचलें व काय नाहीं हें त्याला दर खेळानंतर पैशाच्या डब्यांत मोजतां येत होतें. त्यानें कोणाची नक्कल केली नाहीं, म्हणून कोणत्याही यंत्राला त्याची जागा घेतां आली नाहीं.

विझलेल्या विद्येला पुन्हां फुंकर घातली ती शिकलेल्या हौशी मंडळींनीं. त्यापूर्वींच, १९०८ सालीं, गॉर्डन क्रेग या नाट्यकलावंतानें नटाला बाहुलीकडून शिकण्यासारखें पुष्कळ आहे, असा विचार मांडून नाट्यजगतांत खळबळ उडविली होती. १९२३ सालीं व्हॉन्स्लॉ यानें बाहुल्यांच्या रंगभूमीवर एक पुस्तक लिहिलें आणि १९२५ सालीं या कलेच्या हौशी लोकांचें मंडळ स्थापन झालें. जें पूर्वीं घराण्याचें गुपित होतें तें आतां पुस्तकांतून व वर्गांतून शिकवूं लागले. वॉल्डो लँचेस्टर या मंडळींतलाच. त्याच्या कळसूत्री बाहुल्यांसाठीं बर्नार्ड शॉनें वयाच्या त्र्याण्णवाव्या वर्षीं एक छोटें नाटक लिहिलें. त्यांत शेक्सपिअर आणि शॉ हे दोघे भांडतात व मुष्टियुद्ध करतात. त्याचा प्रयोग १९४९ सालीं मॉल्व्हर्न येथें झाला. बाहुलीच्या चेहऱ्यावरील न बदलणारा भाव प्रेक्षकाच्या कल्पनेला सतत जागी ठेवतो आणि जिवंत नटाला हें साधत नाहीं, असें शॉचें म्हणणें होतें.

ज्या पडद्यानें जुनीं घराणीं बुडविलीं, त्याच्याच धाकट्या भावानें, म्हणजे टेलिव्हिजननें, बाहुल्यांना घरोघर नेलें. १९४६ पासून बी.बी.सी. वर मफिन नांवाचें खेंचर पियानोवर नाचूं लागलें. हॅरी कॉर्बेट यानें १९४८ सालीं ब्लॅकपूल येथील धक्क्यावर आपल्या मुलासाठीं अस्वलाची एक हातबाहुली विकत घेतली. १९५२ पासून ती सूटी या नांवानें टेलिव्हिजनवर गाजली. सूटी मोठ्यानें कधींच बोलत नाहीं. मालकाच्या कानांत कुजबुजतो आणि मालक तें आपणांस सांगतो. हा पंचाच्या साथीदाराचाच जुना डाव आहे. १९८४ पासून १९९६ पर्यंत चाललेल्या ‘स्पिटिंग इमेज’ या कार्यक्रमांत तर रबरी बाहुल्यांनीं मंत्र्यांची व राजघराण्याची अशी चेष्टा केली कीं पंचालाही समाधान वाटावें.

थिएटरेंही पुन्हां उभीं राहिलीं. १९६१ सालीं जॉन राइट यानें लंडनच्या इझलिंग्टन भागांत एका जुन्या मद्यपाननिषेधक सभागृहांत ‘लिटल एंजल’ हें बाहुल्यांचें थिएटर उघडलें. नॉरिच शहरांत १९८० सालीं एका मध्ययुगीन चर्चमध्यें तसेंच थिएटर सुरू झालें. जपानच्या बुनराकु पद्धतीच्या प्रभावानें खेळकरी आतां पडद्याआड न लपतां बाहुलीच्या शेजारींच उभा राहूं लागला. २००७ सालीं नॅशनल थिएटरनें ‘वॉर हॉर्स’ हें नाटक केलें. त्यांतला वेतांच्या कांबींचा, माणसाएवढ्याहून उंच घोडा दक्षिण आफ्रिकेच्या हँडस्प्रिंग मंडळीनें बनविला होता. तीन माणसें त्याला चालवितांना उघड दिसत. तरी त्याचा श्वास पाहून प्रेक्षकांचे डोळे भरून येत. पहिल्या महायुद्धांतील या घोड्यानें एक जुना समज मोडला. बाहुली ही केवळ बालकांची वस्तु नव्हे, हें मोठ्या माणसांना पुन्हां पटलें.

शेवटीं एका अवघड प्रश्नाकडे येतों. पंच बायकोला मारतो. हें मुलांना दाखवावें काय? हा प्रश्न आजचा नाहीं. १८४९ सालीं एका बाईंनीं तो चार्लस डिकन्सला विचारला होता. हा खेळ वास्तवापासून इतका दूर आहे कीं कोणीही त्याला आचरणाचा कित्ता समजत नाहीं, आणि त्याला नीतिपाठ शिकविणारा केला तर त्याची मोहिनी जाईल, असें डिकन्सनें उत्तर दिलें. उत्तर चतुर आहे, पण पुरेसें नाहीं. ज्या मुलानें घरीं खरोखरीचा मार पाहिला आहे, त्याला तें दृश्य तितकें दूरचें वाटेल काय? शिक्षकाला असलीं मुलें वर्गांत ओळखूं येतात. म्हणून हा आक्षेप घेणारे सगळेच अरसिक आहेत, असें मी म्हणणार नाहीं.

या प्रश्नाला प्रोफेसर लोकांनीं दिलेलें उत्तर पाहण्यासारखें आहे. त्यांनीं सभा भरवून पंचाची घटना दुरुस्त केली नाहीं. प्रत्येकानें आपल्या मांडवांत निरनिराळें करून पाहिलें. कोठें ज्यूडी तीच काठी घेऊन पंचाला झोडपते. कोठें ती मरत नाहीं. कोठें फेकलेलें मूल सुखरूप परत येतें. खुनासाठीं फांशी देणें ब्रिटनमध्यें १९६५ सालीं थांबलें. मग फांशी देणाऱ्याला ओळखणारीं मुलेंच राहिलीं नाहींत आणि पुष्कळ खेळांतून तोही गेला. पण काठी अजिबात काढून टाकून ज्यांनीं गोड बोलणारा पंच दाखवावा, त्यांच्यासमोर मुलें कां ओरडतील? पंचाला पंच करणारीं तीन अंगें मला दिसतात: तो न समजणारा आवाज, अधिकाराचा झगा घालून येणाऱ्या प्रत्येकाविरुद्ध उठणारी काठी, आणि प्रेक्षकांशीं चाललेली ओरडाआरड. बायकोला मारणें हें त्यांत नाहीं. तें गेल्यानें पंच मरत नाहीं.

सर्वांत अशक्त माणसाला सुद्धां घटकाभर वाटावें, कीं आपल्यावर हुकूम चालविणारा शिपाई, न्यायाधीश, फांशी देणारा आणि सैतान यांना कोणीतरी भीक घातली नाहीं. एवढ्यासाठीं हा खेळ जगला. ज्यूडीपाशीं असला कोणताही अधिकार नव्हता. तेव्हां तिच्यावरची काठी खालीं ठेवून ती पुन्हां अंमलदारांकडे वळविणारे आजचे प्रोफेसर परंपरा मोडीत नाहींत. ती तिच्या मूळच्या वाटेवर आणीत आहेत. दरवर्षीं मे महिन्यांत कॉव्हेंट गार्डनच्या त्या देवळाच्या बागेंत देशोदेशींचे प्रोफेसर आपापले मांडव घेऊन जमतात. कोणाचेही दोन खेळ एकसारखे नसतात, आणि समोरचीं मुलें मात्र प्रत्येक मांडवापुढें तशींच जीव तोडून ओरडतात.